उसना घेतलेला चेहरा

पुणतांबा स्टेशनावर उतरून सायकलनं पाऊण तास गेलं की गोदावरीच्या अलीकडं एक गाव लागायचं. तिथल्या हायस्कुलात मी चित्रकला शिकवायला लागलो तेव्हा चोवीस वर्षांचा होतो. वडील नगरमध्ये शिंपीकाम करायचे. माझं चित्रं काढणं त्यांना फारसं कळलं नाही, पण ते कधी आडवेही आले नाहीत. पुण्यात दोन वर्षं राहून चित्रकला शिक्षकाची पदविका घेतली, लग्न झालं आणि बायकोला घेऊन या गावात बिऱ्हाड केलं.

शाळेत माझ्या विषयाला कुणी विषय मानत नव्हतं. गणिताचे शिक्षक माझा तास हक्कानं मागून घ्यायचे. तरी एलिमेंटरीच्या, म्हणजे सरकारी चित्रकला परीक्षेला बसायला तयार अशी नऊ मुलं मी जमवली होती. शाळा सुटल्यावर तांब्या, कांदे, दुमडलेलं फडकं असं काहीतरी टेबलावर मांडून त्यांच्याकडून काढून घ्यायचो. त्या नवांत एकच मुलगी होती, आठवीतली. तिची रेष इतकी ठाम होती की मला तिच्या कागदावर हात लावावा वाटत नसे. तिचे वडील पाटकरी होते, म्हणजे पाटाच्या पाण्याच्या पाळ्या सांभाळायचे. कुणाच्या शेतात कधी पाणी सोडायचं, कधी बंद करायचं, हे त्यांच्या हातात. असा माणूस गावात सगळ्यांच्या ओळखीचा असतो आणि फार कुणाच्या आवडीचा नसतो.

शाळेबाहेरचं माझं दुसरं काम पोस्टानं चालायचं. पुण्याच्या एका दिवाळी अंकाचे संपादक मला गोष्टी पाठवायचे आणि मी शाईनं चित्रं काढून रजिस्टर्ड पोस्टानं धाडायचो. एकाहत्तर सालच्या भाद्रपदात त्यांच्याकडून एक गोष्ट आली, सोबत चिठ्ठी : चार दिवसांत चित्र हवं. गोष्टीतला नवरा आपल्या बायकोला विहिरीत ढकलतो. संपादकांना नेमका तोच प्रसंग हवा होता.

मला चेहरा सुचेना. मनानं काढलेले चेहरे सगळे एकमेकांचे भाऊ दिसतात, हा माझा दोष तेव्हाही होता. म्हणून मी एक वही बाळगायचो, काळ्या कापडाच्या पुठ्ठ्याची. स्टँडजवळच्या हॉटेलात चहा पिता पिता समोरच्या माणसांना गुपचूप त्या वहीत उतरवायचो. कुणाला विचारायचं असतं हे डोक्यात आलं नव्हतं. त्या दिवशी वही चाळताना पाटकरी दिसले. लांबट चेहरा, बसलेली गालफडं, खोल डोळे आणि डाव्या भुवईतून गेलेला जुना व्रण. मी चेहरा तसाच उचलला. घाई होती म्हणून वहीतल्याच दुसऱ्या एका पानावरून त्यांचा पुढं आलेला हातही घेतला. बाईचा तोल गेलेला, पदर उडालेला, मागं विहिरीचा काठ. चित्र उतरलं तसा मी खूष झालो. बायकोला दाखवलं. ती ते दिव्याजवळ धरून म्हणाली, "अहो, हा माणूस मी कुठंतरी पाहिलाय." मी हसलो आणि लिफाफा चिकटवला.

अंक दिवाळीच्या सुट्टीनंतर आला. मी तो मोठ्या कौतुकानं वाचनालयाच्या टेबलावर ठेवला. दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीत ती मुलगी तिथं उभी दिसली. अंक उघडा होता. मी मागं जाऊन म्हणालो, "काय गं, कसं काय जमलंय?"

तिनं वळून माझ्याकडं पाहिलं. मग अंक मिटला, सरळ करून ठेवला आणि निघून गेली. त्या संध्याकाळी ती वर्गाला आली नाही. दुसऱ्या दिवशी शाळेतच आली नाही.

तिसऱ्या दिवशी हेडमास्तरांनी बोलावून घेतलं. टेबलावर अंक त्याच पानावर उघडून ठेवलेला.

"हे कुणाचं चित्र?"

"गोष्टीतल्या नवऱ्याचं, सर."

"गावाला ते पाटकऱ्याचं दिसतंय," ते म्हणाले. "तुम्हाला माहीत नाही का खरंच?"

"काय?"

हेडमास्तरांनी उठून दार लोटून घेतलं. आठ वर्षांपूर्वी पाटकऱ्याची बायको मळ्यातल्या विहिरीत पडून गेली होती. पोलीस आले, पंचनामा झाला, पाय घसरून पडली असं लिहिलं गेलं. पण त्या वेळी विहिरीवर नवरा-बायको दोघंच होते. पाटकरी त्याबद्दल कुणाशी अवाक्षर बोलले नाहीत. न बोलणाऱ्याबद्दल गाव बोलतं, तसं गाव बोललं आणि काही वर्षांनी थकून गप्प बसलं. तिच्या माहेरची माणसं पाथर्डीकडची. त्यांनी तेराव्याला येऊन जाहीर सांगितलं होतं की आमच्या मुलीला ढकललं. त्यानंतर त्यांनी या घराचं तोंड पाहिलं नव्हतं.

"सर, मला हे कुणीच सांगितलेलं नाही."

"माझा विश्वास आहे," हेडमास्तर म्हणाले, "पण माझ्या विश्वासानं काय होणार? त्या बाईचा भाऊ ऊसतोडणी कामगारांचा मुकादम आहे. कारखाना सुरू झालाय. त्याची टोळी आठच दिवसांत आपल्या शिवारात ऊस तोडायला उतरणार आहे."

मी त्याच संध्याकाळी पाटाकडं गेलो. पाटकरी पाटाच्या दारावर, म्हणजे पाणी सोडायच्या झडपेपाशी, उभे होते, पाण्याकडं बघत. मी सायकल स्टँडवर लावली तरी त्यांनी मान वळवली नाही.

"मी माफी मागायला आलोय," मी म्हणालो.

"तुमाला कुनी सांगितलं?"

"कशाबद्दल?"

"त्या येळंचं. कुनी सांगितलं तुमाला?"

"कुणी नाही. मला काहीच माहीत नव्हतं. नुसता चेहरा घेतला तुमचा. हॉटेलात बसला होता तेव्हाचा."

ते आता माझ्याकडं वळले. "मग हात?" ते म्हणाले. "हात असाच हुता माजा. तिथं तर कुनी नव्हतं. तुमी कसा काडला?"

त्यांचा आवाज चढलेला नव्हता, उलट अगदी खाली गेला होता आणि मला त्याचीच भीती वाटली. अंधारून यायला लागलं होतं. ते म्हणाले, "जा मास्तर. पोरगी दोन दिस जेवली न्हाई. तुमी हितनं जा."

मी परत आलो. त्या आठवड्यात मी वर्गात काय शिकवलं ते मला आठवत नाही. हॉटेलात शिरलो की बोलणं थांबायचं. काही लोक मात्र मुद्दाम पाठीवर थाप मारायचे, "लई भारी काम केलं मास्तर, कुनीतरी दाकवायलाच पायजे हुतं." ती थाप मला जास्त लागायची. कुणीतरी हेही पसरवलं की मास्तर मुलीला शिकवायचा, तिनंच घरातलं सांगितलं असणार. म्हणजे तेरा वर्षांच्या पोरीनं बापावर चित्र काढायला लावलं! मी हेडमास्तरांना म्हणालो, अंक वाचनालयातून काढून टाका. ते म्हणाले, काढला तर गाव म्हणेल काहीतरी दडवलं. अंक राहिला आणि ते पान बोटांनी काळं पडत गेलं.

टोळी उतरली त्याच्या दुसऱ्याच दिवशी मुकादम शाळेत आला. चाळिशीचा, रुंद खांद्यांचा माणूस. त्याला वाचता येत नव्हतं. त्यानं शिपायाकडून अंक मागून घेतला, व्हरांड्यात उभं राहून ते एक पान पाहिलं आणि तिथूनच मला हाक मारली.

"मास्तर, ह्यो लेख तुमचा का?"

"चित्र माझं आहे. गोष्ट दुसऱ्याची."

"गोष्ट मला नगं. चित्रात सगळं हाय. तुमी पंचात यायचं आन् सांगायचं. आमी आट वर्सं वाट बगितली."

सोबतची चार माणसं आवाराच्या फाटकाशी उभी होती. उसाच्या फडातून तशीच आलेली, कोयते हातात. त्यांनी कोयते उगारले नव्हते की काही नाही, पण शाळेची पोरं खिडक्यांतून बघत होती आणि एरवी गलका करणारा पाचवीचा वर्गसुद्धा चिडीचूप झाला होता.

सरपंचांनी मध्ये पडून दुसऱ्या दिवशी सकाळी मारुतीच्या मंडपात बैठक ठेवली. मी हेडमास्तरांना वहीबद्दल सांगितलं होतं. ते म्हणाले, तुमची ती वही घेऊन या. चित्र आधीपासून वहीत होतं हे दिसलं तर लोकांना पटेल.

घरी येऊन मी वही उघडली. पाटकऱ्यांचं पान होतं, हाताचंही होतं. पण पुढं नदीच्या घाटावरची दोन पानं होती. धुणं धुणाऱ्या बायका, पिंढऱ्यांपर्यंत लुगडं खोचलेल्या, वाकलेल्या, ओले केस पाठीवर सोडलेली एक. मी ती वाईट नजरेनं काढली नव्हती. पण मारुतीच्या मंडपात त्या बायकांच्या नवऱ्यांना, दिरांना हे मी कसं समजावणार होतो?

मी पानं फाडली. बायको चुलीपुढं होती. म्हणाली, "फाडू नका. काय आहे ते आहे."

"तुला कळत नाही," मी म्हणालो आणि दोन्ही पानं चुलीत घातली. बायको बाजूला झाली नाही, पानं जळेपर्यंत बघत बसली. मग म्हणाली, "आता तुम्हीसुद्धा काहीतरी लपवलंत."

सकाळी मंडप भरला होता. एका बाजूला टोळीची माणसं, दुसऱ्या बाजूला गाव. बायका देवळाच्या भिंतीलगत उभ्या. पाटकरी खांबाला टेकून, टोपी काढून गुडघ्यावर ठेवलेली. त्यांच्या मागं भिंतीशी ती मुलगी. तिला कशाला आणलं असं मला वाटलं, पण नंतर कळलं की ती आपण होऊन आली होती.

मी संपादकांची चिठ्ठी वाचून दाखवली. मग वही उघडली आणि सरपंचांच्या हातात दिली. ते पान उलटायला लागले तसे लोक उठून त्यांच्याभोवती जमले. हॉटेलवाला दिसला, पोस्टमन दिसला, तोंड उघडं टाकून झोपलेले खुद्द सरपंच दिसले. कुणीतरी फिसकन हसलं. सरपंच हसले नाहीत. "आमाला न इचारता काडलं व्हय तुमी हे सगळं?" ते म्हणाले. मी हो म्हणालो.

मग मुकादमानं वही मागितली. तो चित्रं बघत नव्हता. त्यानं वहीच्या शिवणीवरून अंगठा फिरवला आणि एका ठिकाणी थांबला.

"हितं दोन पानं फाडलीत," तो म्हणाला. "ताजी फाडलीत. काय व्हतं त्याच्यावर?"

मी पाटकऱ्यांकडं पाहिलं. तेही माझ्याकडंच बघत होते आणि त्या क्षणी मला पहिल्यांदा नीट कळलं, की आठ वर्षं या माणसाकडं गाव कसं बघत आलं असेल.

"घाटावरच्या बायका होत्या," मी म्हणालो. "धुणं धुताना. काल भीती वाटली म्हणून जाळली."

एकदम गलका झाला. दोघं-तिघं पुढं सरसावले. एकानं माझ्या सदऱ्याची बाही धरली. तेवढ्यात भिंतीकडून सरपंचांच्या आईचा आवाज आला, "आरं सोडा त्याला! घाटावर बसून कागुद खरडताना आमी रोज बगत हुतो की. मी त्याला इचारलं बी हुतं, माजं काडलं का म्हनून. लाजून लालबुंद झाला." बायकांत हसू फुटलं. बाही धरलेला हात सुटला. खरं तर त्या म्हाताऱ्या बाईंनी मला असं काही विचारल्याचं मला आठवत नव्हतं. अजूनही आठवत नाही.

मुकादम मात्र हसला नव्हता. त्यानं अंकातलं पान माझ्यापुढं धरलं आणि त्या हातावर बोट ठेवलं. "बाकीचं ऱ्हाऊ द्या. ह्यो हात सांगा. ह्यो ढकलायलाच हाय का न्हाई?"

मी त्या हाताकडं पाहिलं. इतक्या दिवसांत चित्राकडं चित्र म्हणून मी पाहिलंच नव्हतं. आणि मला ती चूक दिसली. वर्गात एखाद्या मुलानं काढलं असतं तर लगेच दाखवली असती.

"नाही," मी म्हणालो. "हे चित्र चुकलंय."

"म्हंजी?"

मी उठून माझ्याजवळच्या दुसऱ्या खांबासमोर उभा राहिलो आणि खांबाला ढकलून दाखवलं. "बघा. ढकलताना मनगट मागं मोडतं, तळवा उघडा होतो, बोटं वर जातात. खांदा हाताच्या मागं येतो." मग हात पुढं करून बोटं आत वळवली. "आणि हा घेणारा हात. चित्रातली बोटं आत वळलेली आहेत, खांदा मागं ओढलेला आहे. हा ढकलत नाहीये." मी वहीतलं पान उघडून दिलं. त्यावर पाटकरी हॉटेलवाल्याच्या हातातून कप घेत होते. तोच हात, तेच मनगट. "घाईत मी हा हात तिथं बसवला. संपादकांना कळलं नाही, मलाही कळलं नाही."

मुकादमानं दोन्ही पानं शेजारी धरली. त्याच्या टोळीतल्या एकानं नकळत स्वतःचा हात पुढं करून बोटं वळवून पाहिली. मग आणखी एकानं. मुकादमानं पानं खाली ठेवली. "ह्ये तुमच्या कागदाचं झालं," तो म्हणाला, "मंग माही भैन कशी मेली?"

माझ्या चित्रानं काहीच सिद्ध होत नव्हतं, आधीही नाही आणि आताही नाही. मी तसं म्हणणार होतो, पण खांबापाशी हालचाल झाली.

पाटकरी उठले. गुडघ्यावरची टोपी हातात घेतली. ते गावाकडं न बघता फक्त मेव्हण्याकडं बघत बोलले.

"भांडान झालं हुतं सकाळी. ते खोटं न्हाई. सांजच्याला ती पान्याला गेली, मी मागनं गेलो. काठाचा दगड निसटला. मी हात दिला. घावली हुती मला. धरली हुती मी. मनगटाला धरली हुती. बांगड्या फुटल्या आन् रगतानं हात वला झाला. सुटली."

"आट वर्सं का बोलला न्हाईस?" मुकादम ओरडला.

"काय बोलू? माज्या हातातनं सुटली म्हनू? त्यापरीस लोक म्हनत हुते ते बरं हुतं."

भिंतीशी ती मुलगी रडायला लागली, आवाज न करता, तोंडावर हात दाबून. बापानं तिच्याकडं बघितलं नाही. बहुधा त्यांना बघवलं नसेल. सरपंचांच्या आईंनी तिला जवळ घेतलं.

मुकादम एक पाऊल पुढं आला. मला वाटलं आता एक तर हा त्यांच्या अंगावर जाईल, नाहीतर गळ्यात पडेल. त्यातलं काहीच झालं नाही. तो मुलीपाशी गेला, तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि विचारलं, "कितवीला हाईस?" ती म्हणाली, आठवीला. तो माणसांना घेऊन फडाकडं निघून गेला. पाटकऱ्यांशी तो त्या दिवशीही बोलला नाही आणि पुढंही कधी बोलला असेल असं मला वाटत नाही.

पण हंगाम संपून टोळी परतली तेव्हा मामाच्या गाडीतून ती मुलगी पहिल्यांदा आजोळी गेली. पंधरा दिवस राहिली. त्या वर्षी ती परीक्षेला बसली नव्हती. आजोळाहून आल्यावर एका संध्याकाळी वर्गात येऊन आपल्या जागेवर बसली. मी काही विचारलं नाही. टेबलावर तांब्या मांडला होता, तिनं तो काढायला घेतला. पुढच्या वर्षी, बहात्तरच्या त्या कोरड्या सालात, ती एलिमेंटरी पास झाली. मॅट्रिकनंतर तिचं लग्न झालं. चित्र पुढं चालू ठेवलं की नाही, मला माहीत नाही.

संपादकांना मी सगळं कळवलं. त्यांचं लांबलचक, भल्या माणसाचं पत्र आलं. मी सहा महिने कुणाचंच काम घेतलं नाही. मग पुन्हा घ्यायला लागलो, कारण मला दुसरं काही येत नव्हतं आणि दुसरं काही करावंसंही वाटत नव्हतं. फक्त चेहरा घ्यायच्या आधी विचारायला लागलो. विचारलं की माणसं ताठ होऊन बसतात, शर्टाची बटणं लावतात, आणि चित्र बिघडतं. पुढं संगमनेरला बदली झाली आणि तिथं मी सव्वीस वर्षं शिकवलं, शेकडो गोष्टींना चित्रं काढली. वाईट माणसाचा चेहरा काढायची वेळ आली की आरशात बघून काढायचो. ही सवय शेवटपर्यंत टिकली.

पाटकऱ्यांनी मला माफ केलं का, हे मला कधी कळलं नाही. रस्त्यात भेटले की "रामराम मास्तर" म्हणायचे, मीही म्हणायचो. त्या हॉटेलात मात्र मी बसलेला असलो तर ते बाहेरच उभं राहून चहा प्यायचे. शेवटी मीच तिथं जायचं सोडलं आणि बायको म्हणाली, चहा घरी करते, काय अडलंय.